फाळके यांचा कॅमेरा आणि श्रमिकांचे हात

पितळेला घाट देणारे कारागीर, तुमसर तालुक्यातील चिखला व डोंगरी बुजुर्ग येथील मँगनीज खाणींतले मजूर, मोहाडीकडील कोशाचे विणकर आणि घरोघरी विड्या वळणाऱ्या स्त्रिया यांच्या कष्टांवर भंडारा जिल्ह्याचा लौकिक उभा आहे. पडद्यावर मात्र हे हात क्वचितच दिसले. आपल्या चित्रपटाच्या उगमापाशी अशी उपेक्षा नव्हती, याची साक्ष दादासाहेब फाळके यांचे चरित्र देते.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईची जे. जे. कलाशाळा आणि बडोद्याचे कलाभवन येथे शिकून त्यांनी छायाचित्रण, शिलामुद्रण, ठसे तयार करणे असे हातांचे धंदे केले. भागीदारांशी न पटल्याने जमलेला छापखाना त्यांनी चाळिशीच्या उंबरठ्यावर सोडला. पुढे ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून त्यांना नव्या विद्येचा ध्यास लागला. १९१२ साली ते लंडनला जाऊन कॅमेरा घेऊन आले. भांडवलदाराची खात्री पटावी म्हणून त्यांनी अंकुराची वाढ चित्रित करून दाखविली आणि ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहात झळकला.

या यशामागे कारखान्याचीच शिस्त होती. पत्नी सरस्वतीबाई कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडीत, ती धुण्याच्या कामात हात देत आणि साऱ्या कामगारांचा स्वयंपाकही करीत. श्रमांची ही जाण असल्यामुळेच पुराणकथांत रमलेल्या फाळके यांनी तळेगावच्या काच कारखान्यावरही लघुपट काढला. एकेक पैशाच्या वर्गणीतून उभ्या राहिलेल्या पैसा फंडाचा तो कारखाना होता. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटात तर त्यांनी पडद्यामागचे स्वतःचेच कामकाज लोकांपुढे मांडले.

१९१८ साली हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली. भागीदारांशी पुन्हा बेबनाव झाला, पुढे बोलपटाने मूकपटाचा काळ संपविला आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे फाळके यांचे निधन झाले. त्यांच्या नावाने १९६९ पासून चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च राष्ट्रीय पुरस्कार दिला जातो.

परंतु धंद्याने त्यांच्या देवदेवतांचा वारसा उचलला आणि काच कारखान्याचा मागे टाकला. जानेवारी २०२५ मध्ये भंडाऱ्याजवळील जवाहरनगरच्या आयुध निर्माणीत स्फोट होऊन कामगार मृत्युमुखी पडले, तेव्हा कॅमेरे धावले ते ढिगाऱ्याकडे. कामगाराचे दर्शन त्याच्या मृत्यूनंतरच व्हावे, ही रीत योग्य नव्हे. त्याचे कौशल्य, त्याची पाळी, त्याचे घर आणि त्याच्या कामातील धोका ही सारी तो हयात असतानाच टिपली गेली पाहिजेत. पुरस्काराच्या सोहळ्यापेक्षा फाळके यांचे खरे स्मरण त्यातच आहे.