प्रतिवादी रखमाबाई

आपल्याकडे ऐतिहासिक कादंबऱ्या, चित्रपट आणि मालिका यांना बंडखोर स्त्रिया फार आवडतात. अट एकच असते. त्या स्त्रीच्या मागे एक सुधारक नवरा उभा असावा लागतो. तो तिला पाटी-पेन्सिल आणून देतो, शेजारपाजारचे टोमणे सोसतो, आणि शेवटच्या प्रसंगात प्रेक्षक डोळे पुसत त्या नवऱ्याचेच कौतुक करीत घरी जातात. सावित्रीमाई आणि जोतीराव यांची गोष्ट वेगळी. तिथे दोघांनी खांद्याला खांदा लावून व्यवस्थेशी झुंज घेतली, आणि त्या झुंजीत दोघेही घराबाहेर काढले गेले. पण जी बाई सरळ उभी राहून सांगते की हा नवराच मला मान्य नाही, लहानपणी लावलेले हे लग्नच मला मान्य नाही, तिचे काय करायचे हे या कथाकारांना आजही नीट उमगलेले नाही.

डॉ. रखमाबाईंच्या बाबतीत हेच झाले. २२ नोव्हेंबर २०१७ रोजी गुगलने त्यांच्या जयंतीचे चित्र लावले, त्यात त्या स्टेथोस्कोप घेतलेल्या डॉक्टर होत्या. त्याआधी २०१६ साली त्यांच्यावर मराठी चित्रपट निघाला, त्याच्या नावातही डॉक्टरकी पुढे आहे. त्या डॉक्टर होत्याच, आणि पस्तीस वर्षे होत्या. परंतु माझ्यासारख्या कोर्टाची पायरी रोज चढणाऱ्या माणसाला त्यांची ओळख झाली ती मुंबईच्या जुन्या निकालसंग्रहांच्या नवव्या आणि दहाव्या खंडात. तिथे त्या डॉक्टर नाहीत. तिथे दादाजी भिकाजी हे वादी आहेत आणि रखमाबाई प्रतिवादी.

रखमाबाईंचा जन्म २२ नोव्हेंबर १८६४ चा, मुंबईतला. जात सुतार. आई जयंतीबाई, वडील जनार्दन पांडुरंग. आईचे लग्न लहानपणीच झालेले, आणि सतराव्या वर्षी ती विधवाही झाली. हीच जयंतीबाई पुण्या-मुंबईच्या एखाद्या ब्राह्मण घरात असती तर केस कापून, लाल आलवण नेसून तिला माजघराच्या अंधारात जन्म काढावा लागला असता. सुतारांमध्ये विधवेच्या पुनर्विवाहाला बंदी नव्हती. काही वर्षांनी तिने डॉ. सखाराम अर्जुन यांच्याशी लग्न केले. ते ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकवणारे, वनस्पतिशास्त्राचे जाणकार आणि मुंबईच्या निसर्ग इतिहास संस्थेच्या संस्थापकांपैकी एक. ज्यांना शास्त्रीपंडित खालचे म्हणत, त्या जातींत बाईला दुसऱ्यांदा संसार थाटण्याची मुभा होती, आणि जे स्वतःला वरचे म्हणवत त्यांच्या घरात ती नव्हती. एवढी एक गोष्ट वाचकांनी मनात धरून ठेवावी, पुढे ती कामी येणार आहे.

दुसरे लग्न करताना जयंतीबाईने पहिल्या नवऱ्याची मालमत्ता मुलीच्या नावे केली. मुलगी अकरा वर्षांची होताच तिचे लग्न झाले. मुलगा दादाजी भिकाजी, वय सुमारे एकोणीस, सखाराम अर्जुन यांच्या नात्यातला. त्याने सासरीच राहून शिकावे, माणूस व्हावे, असे ठरले होते. तो शिकला नाही. मामा नारायण धुर्माजी यांच्या घरी जाऊन राहिला, आणि त्या घराचे वळण कसे होते हे पुढे कोर्टातच निघाले. इकडे रखमाबाई वयात आल्या तेव्हा सखाराम अर्जुन यांनी गर्भाधानाला साफ नकार दिला. डॉक्टर माणूस, कोवळ्या वयातल्या बाळंतपणाने बायका कशा मरतात हे त्यांना कोणी शिकवायला नको होते. मुलगी घरीच वाढली. मिशनऱ्यांच्या ग्रंथालयातली पुस्तके आणून ती इंग्रजी शिकली, आईबरोबर प्रार्थना समाजाच्या आणि आर्य महिला समाजाच्या सभांना जाऊ लागली. जसजसे वाचन वाढले तसतसे आपले लग्न म्हणजे काय प्रकार आहे हेही तिला कळू लागले.

१८८४ साली दादाजींनी वकिलामार्फत पत्र धाडले की माझी बायको माझ्या घरी पाठवा. बायको गेली नाही. मग मुंबई उच्च न्यायालयात दावा पडला.

आता या दाव्याविषयी थोडे विस्ताराने लिहिले पाहिजे, कारण गफलत इथेच केली जाते. दावा वैवाहिक हक्कांच्या पुनर्स्थापनेचा होता, म्हणजे आपल्या बोलीत नांदायला आणण्याचा. हिंदू धर्म बुडाला म्हणून ज्यांनी पुढे आकाशपाताळ एक केले त्यांनी हे कधी सांगितले नाही की असा दावा त्यांच्या धर्मशास्त्रात नव्हताच. तो इंग्लंडच्या चर्चच्या न्यायालयांतून आलेला. साहेबाने तो आपल्याबरोबर इकडे आणला आणि इथल्या नवऱ्यांना तो भलताच सोयीचा वाटला. आणखी गंमत पाहा. ज्या १८८४ साली दादाजींचे पत्र निघाले, त्याच साली इंग्लंडने स्वतःच्या देशात नांदायला न जाणाऱ्या जोडीदाराला तुरुंगात टाकण्याची तरतूद रद्द केली. हिंदुस्थानच्या दिवाणी प्रक्रिया संहितेत मात्र ती तशीच राहिली. मालकाने टाकून दिलेला बूट गुलामाच्या पायात!

रखमाबाईंचा बचाव काय होता? दादाजी गरीब आहेत, बायकोला पोसू शकत नाहीत. ते आजारी आहेत. ज्या मामाच्या आश्रयाला ते राहतात त्याचे घर बाईमाणसाने राहण्याजोगे नाही. हे तीन मुद्दे कोणताही वकील मांडेल. पण त्यांच्या मुळाशी चौथा मुद्दा होता, आणि खरा स्फोटक तोच. अकराव्या वर्षी माझे लग्न लावले तेव्हा मला कोणी विचारले नव्हते, माझी संमती नव्हती, तेव्हा हे बंधन मी मानत नाही. आपल्याकडच्या नोंदलेल्या खटल्यांमध्ये एका स्त्रीने स्वतःच्या संमतीचा प्रश्न इतक्या उघडपणे उभा केल्याचे याआधीचे उदाहरण माझ्या तरी वाचनात नाही.

१८८५ च्या एप्रिलमध्ये सखाराम अर्जुन वारले. पाठीशी असलेला एकमेव कर्ता पुरुष गेला. दुसरी कोणी असती तर गाठोडे बांधून निमूट सासरी गेली असती. या वीस वर्षांच्या मुलीने त्याच वर्षी टाइम्स ऑफ इंडियात 'अ हिंदू लेडी' या टोपणनावाने दोन पत्रे लिहिली. पहिले बालविवाहावर, दुसरे लादलेल्या वैधव्यावर. ही जोडी डोळ्यांखालून घालताना मला दरवेळी बाबासाहेबांचा १९१६ चा कोलंबिया विद्यापीठातला निबंध आठवतो. सती, सक्तीचे वैधव्य आणि मुलींचे बालविवाह ही जात टिकवण्याची साधने आहेत, कारण बाईवर ताबा ठेवल्याशिवाय जातीबाहेरचे लग्न रोखता येत नाही, अशी मांडणी बाबासाहेबांनी त्यात केली. रखमाबाईंच्या पत्रांत जातीचा हा सिद्धांत नाही, तो असल्याचा दावा मी करणार नाही. पण ज्या तीन बेड्या बाबासाहेबांनी पुढे दाखवल्या, त्यांतल्या दोन या मुलीने एकतीस वर्षे आधी सरकारदरबारी आणि जगासमोर वाजवून दाखवल्या होत्या.

२१ सप्टेंबर १८८५ रोजी न्यायमूर्ती पिन्हे यांनी दावा फेटाळला. त्यांचे म्हणणे सरळ होते. जे सहजीवन कधी सुरूच झाले नाही त्याची पुनर्स्थापना कशी करणार? ज्या वयात कळत नाही त्या वयात लग्न लावलेल्या मुलीला तिच्या मनाविरुद्ध पुरुषाच्या हवाली करणे हे त्यांना रानटीपणाचे वाटले. झाले! सनातन्यांच्या पोटात दुखू लागले. मंडलिकांच्या 'नेटिव्ह ओपिनियन'ने दादाजींची बाजू घेतली. टिळकांच्या 'केसरी'ने आणि 'मराठा'ने इंग्रजी शिक्षणावर खापर फोडले. एका सुतार मुलीच्या नकाराने पेशवाईची राख पुन्हा धुमसू लागली.

अपिलात मुख्य न्यायमूर्ती सार्जंट आणि न्यायमूर्ती बेली यांनी १८८६ साली दावा चालू शकतो असे ठरवून तो पुन्हा खाली पाठवला. ४ मार्च १८८७ रोजी न्यायमूर्ती फॅरन यांनी हुकूम दिला की महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. रखमाबाईंनी तुरुंग पत्करीन असे कळवले. वय वर्षे बावीस.

या निकालाच्या सहाच दिवस आधी, २६ फेब्रुवारी १८८७ ला, पुण्यात डॉ. आनंदीबाई जोशी वारल्या. नवऱ्याच्या हट्टाने शिकलेल्या, नवऱ्याच्या इच्छेने साता समुद्रापलीकडे गेलेल्या आनंदीबाईंसाठी पुणे हळहळले, आणि त्याच आठवड्यात नवऱ्याला नकार देणाऱ्या रखमाबाईंच्या शिक्षेचे समर्थन 'केसरी'त सुरू झाले. यात आनंदीबाईंना कमी लेखण्याचा हेतू नाही, त्या बिचाऱ्या बाविसाव्या वर्षाआधीच गेल्या. पण आजही मालिकावाल्यांना आनंदी का सापडते आणि रखमा का सापडत नाही, याचे उत्तर त्या एका आठवड्यात आहे.

दादाजींनी १८८७ साली आपली बाजू मांडणारी एक पुस्तिका छापली. तिचा रोख असा की सगळा खटाटोप मालमत्तेसाठी आहे, आणि मुलीला आईने व सावत्र बापाने फूस लावली आहे. रखमाबाईंनी वृत्तपत्रातून उत्तर दिले. विलायतेच्या टाइम्समध्येही त्यांचे पत्र छापून आले. मुंबईत बेहरामजी मलबारी, प्राचार्य वर्ड्सवर्थ, डॉ. एडिथ पीची ही मंडळी त्यांच्या बचावासाठी उभी राहिली. एक पारशी, एक इंग्रज प्राध्यापक, एक इंग्रज डॉक्टरीण. आपले सुधारक सभेत टाळ्या घेत होते, घरात मुलींची लग्ने लावत होते.

राणी व्हिक्टोरियाने रखमाबाईंचे लग्न मोडले अशी एक कथा फिरते. कथेला ती शोभते, पण प्रकरण मिटले ते तडजोडीने. जुलै १८८८ मध्ये दादाजींनी दोन हजार रुपये घेतले आणि हुकूमनामा न बजावण्याचे मान्य केले. म्हणजे कोणत्याही वरिष्ठ न्यायालयाने शेवटपर्यंत त्यांना बरोबर ठरवले नाही. फॅरनचा हुकूम कागदावर कायमच राहिला. कायद्याच्या लेखी त्या दादाजींच्याच बायको राहिल्या. दादाजींनी १८८९ साली दुसरे लग्न केले, त्यांना कोण अडवणार? रखमाबाईंना ती वाट नव्हती. ज्या जातींत पंचांसमोर काडीमोड होत असे आणि ज्यांच्यात जयंतीबाईला पुन्हा संसार मांडता आला, त्यांच्यातल्या मुलीला विलायती दावा आणि ब्राह्मणी संस्काराचे तत्त्व या दोन दोरांनी एकत्र बांधून टाकले गेले. रूढीने आईला सोडवले, न्यायालयाने मुलीला अडकवले.

१८८९ सालीच त्या इंग्लंडला गेल्या. लंडनच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयात शिकल्या, १८९४ ला ब्रुसेल्सहून एम.डी. झाल्या, १८९५ ला परतून सुरतेच्या स्त्रियांच्या रुग्णालयात रुजू झाल्या. पुढे राजकोटला. एकोणीसशे तीसच्या सुमारास निवृत्त होऊन मुंबईला आल्या, तेव्हाही पडदा पद्धत बंद करण्यासाठी पुस्तिका लिहीत होत्या. १८९१ साली संमतिवयाचा कायदा होऊन मुलीचे वय दहावरून बारा झाले. त्यामागे त्यांच्या खटल्याने पेटलेला वाद होता आणि कलकत्त्याच्या फुलमणी दासीचा नवऱ्याच्या बळजबरीने झालेला मृत्यूही होता. टिळक त्याही कायद्याच्या विरोधात.

एक गोष्ट मात्र मला अनेक दिवस पचली नव्हती. १९०४ साली दादाजी वारले, आणि रखमाबाई विधवेचे पांढरे वस्त्र नेसू लागल्या. ज्या लग्नाला त्यांनी तुरुंगाच्या दारापर्यंत नकार दिला, त्या लग्नाचे वैधव्य त्यांनी अंगावर घेतले. कादंबरीकार असतो तर मी हे गाळले असते. चळवळीतल्या आमच्या काही मित्रांनी ते गाळावे असे सुचवलेही. पण सुरतेत हजारो घरांच्या उंबऱ्यांआत जाऊन बायकांना दवाखान्यात आणायचे, ते एकट्या, नवरा टाकलेल्या म्हणून बदनाम बाईने कसे करायचे, हा प्रश्न त्यांच्यासमोर रोज असणार. तेच कारण होते की आणखी काही, हे त्यांचे त्यांना ठाऊक.

२७ सप्टेंबर १९५१ ला बाबासाहेबांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला, त्याच्या कारणांत हिंदू कोड बिलाची सरकारने केलेली परवड होती. त्या बिलाचे तुकडे करून पुढे जे कायदे झाले, त्यांतला हिंदू विवाह कायदा १८ मे १९५५ ला लागू झाला. देशभरच्या हिंदू स्त्रीला घटस्फोट मिळाला, पुरुषाचे दुसरे लग्न गुन्हा ठरले. रखमाबाई तेव्हा हयात होत्या, नव्वद वर्षांच्या. २५ सप्टेंबर १९५५ रोजी, चार महिन्यांनी, त्या मुंबईत वारल्या. पण त्याच कायद्याच्या कलम नऊमध्ये दादाजींचा दावा जसाच्या तसा बसलेला आहे. तुरुंग तेवढा १९२३ च्या दुरुस्तीने गेला, जप्ती राहिली. १९८३ ला आंध्र प्रदेश उच्च न्यायालयाने टी. सरिता प्रकरणात हे कलम घटनाबाह्य ठरवले, पुढच्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने सरोज राणी प्रकरणात ते वैध ठरवले. २०१९ साली त्याला पुन्हा आव्हान दिले गेले. ज्या इंग्लंडमधून ते आले तिथे १९७० सालीच ते पुसले गेले.

गेल्या वर्षी माझ्याकडे एक मुलगी नोटीस घेऊन आली. कलम नऊची. नवरा म्हणतो नांदायला ये. मारहाणीची तक्रार केल्यावर आठच दिवसांत ती आलेली. तिचे म्हणणे लिहून घेताना मी तिला रखमाबाईंचा खटला सांगितला. ती शांतपणे ऐकत होती. शेवटी तिने एवढेच विचारले की मग निकाल काय लागला. मी दोन हजार रुपयांचे सांगितले. आपल्याकडे तेवढे नाहीत म्हणाली, आणि कैफियतीवर सही केली.