छायेतील उजेड : लिओनार्दो दा विंची

लिओनार्दो दा विंचीचे नाव घेताच आपल्याला ‘मोनालिसा’ आठवते. त्या चेहऱ्याची गोलाई जिच्यामुळे साकारली, ती दृष्टी त्याने कशी कमावली, हे या घटकात आपण पाहू.

लिओनार्दोचा जन्म १५ एप्रिल १४५२ रोजी इटलीतील विंची या गावी झाला. आईवडील परस्परांशी विवाहबद्ध नसल्याने वडिलांचा नोटरीचा व्यवसाय त्याला खुला नव्हता. विद्वानांची लॅटिन भाषाही त्याला शिकायला मिळाली नाही. ती त्याने पुढे प्रौढ वयात स्वतःच गिरवायला घेतली. फ्लॉरेन्समधील व्हेरोक्क्यो या शिल्पकाराची कार्यशाळा हीच त्याची शाळा होती.

चरित्रकार व्हासारीने नोंदवल्याप्रमाणे, तरुण लिओनार्दो मातीच्या आकृती घडवी, त्यांवर ओल्या मातीत भिजवलेले कापड पांघरी आणि त्याच्या चुण्या तलम कापडावर कुंचल्याने काळ्यापांढऱ्या छटांत रेखाटी. अशा स्थिर चुण्यांवर उजेड कोठे ओसरतो आणि छाया कोठे दाटते, हे निवांतपणे न्याहाळता येते. बाह्यरेषा केवळ वस्तूची कड दाखवते. फुगवटा आणि खोली कळतात त्या छटांच्या चढउतारातून.

पुढे मिलानमध्ये असताना, १४९० पासून, त्याने छायाप्रकाशाचा शास्त्रशुद्ध अभ्यास आरंभला. गोलावर प्रकाश पडला की त्याची छायेची बाजू सर्वत्र सारखी काळी नसते. जवळच्या पृष्ठभागावरून परतलेला उजेड ती किंचित उजळतो, हे त्याने हेरले. चेहरा रेखाटण्यासाठी त्याला प्रखर उन्हापेक्षा सायंकाळचा किंवा ढगाळ दिवसाचा मृदू प्रकाश पसंत होता.

हीच नजर त्याने आकाशाकडे वळवली. बीजेच्या कोरीलगतचा चंद्राचा काळोखा भाग मंद उजळलेला का दिसतो? पृथ्वीवरील समुद्रांवरून परावर्तित झालेला सूर्यप्रकाश तेथे पोहोचतो, असे त्याने मांडले. या उजेडात ढगांचा आणि भूमीचाही वाटा असतो, हे आज आपण जाणतो. तथापि त्याचा मूळ तर्क अचूक होता.

२ मे १५१९ रोजी फ्रान्समध्ये त्याचे निधन झाले. चित्रकलेविषयीच्या त्याच्या टिपणांचा संग्रह मात्र १६५१ मध्ये प्रथम छापला गेला.

आता आपण एक प्रयोग करा. रात्री एकाच दिव्याच्या उजेडात पांढऱ्या कागदावर अंडे ठेवा व त्याच्या छायेचा खालचा भाग निरखा. नंतर कागदाऐवजी काळे कापड अंथरा. काय नाहीसे झाले, ते शब्दांत लिहिण्यापूर्वी पेन्सिलीने रेखाटा.