सैन्याचा दिलासा

बार्सिलोनाचा गोलकीपर वोयचेख श्चेन्सनी तुम्हाला ठाऊक असेलच. हे ‘वोयचेख’ काय आहे? जुनं स्लाव्ह नाव. अर्थ साधारण ‘सैन्याचा दिलासा’. पण ज्याच्यामुळे ते गाजलं, तो सैनिक नव्हताच! दहाव्या शतकातला बोहेमियाचा सरदारपुत्र. शिकायला माग्देबुर्गला गेला, तर तिथल्या आर्चबिशपनं त्याला स्वतःचं ‘अडालबर्ट’ हे नाव दिलं. 982 मध्ये तो प्रागचा बिशप झाला. गुलामांच्या बाजाराविरुद्ध बोलला. लोक ऐकेनात, तेव्हा चक्क पद सोडून रोमच्या मठात गेला. 995 मध्ये लिबित्सेला त्याच्या भावांची कत्तल झाली. 997 मध्ये बाल्टिक किनाऱ्याकडे धर्मप्रचाराला गेला, आणि प्रशियनांनी त्यालाही मारलं. पोलंडच्या बोलेस्लावनं म्हणे वजनाइतकं सोनं मोजून मृतदेह सोडवला. ग्निएझ्नो कॅथेड्रलच्या कांस्य दारांवर तो सौदा कोरलाय, आजही बघता येतो.