घरातून हाकललेला शाहीर

अकलूजमध्ये राहणाऱ्याला लावणी म्हणजे काय हे कुणी वेगळं समजावून सांगायला लागत नाही. सहकारमहर्षी शंकरराव मोहिते-पाटील यांच्या जयंतीनिमित्त इथे राज्यभरातले फड येतात, लावणीची स्पर्धा होते, परीक्षक बसतात, नंबर लागतात. आणि मग आठवडाभर चहाच्या टपरीवर वाद चालतो की पहिला नंबर खरा कुणाचा होता. तुमच्यापैकी निम्म्या लोकांनी त्या वादात भाग घेतलेला असणार. मीही घेतलाय.

पण एक प्रश्न विचारते. आपल्याच जिल्ह्यातला एक मुलगा लावण्या लिहायला लागला म्हणून त्याच्या सख्ख्या भावाने त्याला घराबाहेर काढलं होतं, हे तुम्हाला माहीत आहे का? मुलगा सोलापूरचा. नाव राम जगन्नाथ जोशी. आज तुम्ही ज्याला शाहीर राम जोशी म्हणून ओळखता, तो.

मला हा माणूस कुठे भेटला, तर मास कॉमच्या तिसऱ्या सेमिस्टरला. तोही सरळ नाही, ग्रीकांच्या दारातून. जनसंवादाचा इतिहास शिकवताना सरांनी प्राचीन अथेन्सचं नाटक काढलं होतं. तिथे दरवर्षी वसंत ऋतूत डायोनिसस देवाचा उत्सव भरायचा. हा देव द्राक्षांचा, दारूचा आणि बेभान होण्याचा. उत्सवात नाटकांची स्पर्धा असायची. तीन कवी निवडले जायचे आणि प्रत्येकाने तीन शोकनाट्यं आणि वर एक धमाल नाटक द्यायचं. अक्रोपोलिस टेकडीच्या दक्षिण उतारावर हजारो माणसं सकाळपासून बसायची. नाचणाऱ्या-गाणाऱ्या समूहाचा, म्हणजे कोरसचा, खर्च गावातल्या एखाद्या श्रीमंत माणसाने उचलायचा. ती त्याची हौस नव्हती, नगराने लावून दिलेली जबाबदारी होती. परीक्षक चिठ्ठ्या टाकून निवडायचे, म्हणजे आधी कुणाला पटवता येऊ नये. नाटकं सुरू व्हायच्या आधी युद्धात बाप गमावलेली, नगराने वाढवलेली पोरं चिलखत घालून सगळ्यांसमोरून चालत जायची.

हे ऐकताना मला सारखं वाटत होतं की अरे, हे तर आपल्याकडचंच वर्णन आहे! देवाचा उत्सव, गण, नाचगाणं, स्पर्धा, परीक्षक, खर्च करणारा पाटील. ग्रीकांच्या विनोदी नाटकात दोन बाजू एकमेकींना शब्दात पकडायच्या, आपल्याकडे कलगीवाले आणि तुरेवाले रात्रभर सवाल-जवाब करायचे. तुरा शिवाच्या बाजूने भांडणार, कलगी शक्तीच्या बाजूने, आणि हरणाऱ्याने आपलं निशाण उतरवायचं.

मग फरक कुठे पडला? फरक कळायला राम जोशीची गोष्ट लागते.

अठराव्या शतकाचा उत्तरार्ध. सोलापुरात जोशींचं घर म्हणजे वेद, शास्त्र, पंचांग, पुराण. वडील जगन्नाथ. थोरला भाऊ मुद्गल जोशी गावात मान असलेला पुराणिक आणि कीर्तनकार. अशा घरातल्या धाकट्याचं करिअर जन्मायच्या आधीच ठरलेलं असतं. पण घराच्या जवळ धोंडी शाहिराचा फड होता. डफ-तुणतुण्याचा आवाज भिंतीतून येतो, त्याला सोवळं-ओवळं कळत नाही. राम तिथे जाऊन बसायला लागला. आधी ऐकायचा, मग धोंडीला लावण्या रचून द्यायला लागला. आणि त्या चालल्या. फडावर गाजल्या.

मुद्गलने त्याला हाकललं. मला त्या भावाचा रागही येतो आणि थोडं समजतंही. एक भाऊ देवळात पुराण सांगतोय आणि दुसऱ्याच्या शृंगाराच्या ओळी त्याच गावात रात्री तमाशात गायल्या जातायत, श्रोते बहुतेक तेच. त्या काळच्या ब्राह्मण घरासाठी ही नुसती लाज नव्हती, उत्पन्नाचा आणि जातीतल्या जागेचा प्रश्न होता. कुणी पुराणाला बोलावणं बंद केलं तर खायचं काय?

आता अथेन्सकडे बघा. तिथे सोफोक्लीस नाटकं लिहायचा आणि त्याच माणसाला लोकांनी इसवी सनापूर्वी ४४१च्या सुमारास सेनापतींपैकी एक म्हणून निवडून दिलं. नाटक लिहिणं ही नागरिकाची कामगिरी मानली जायची. इतकी, की फ्रिनिखस नावाच्या कवीने मिलेटस हे मित्रशहर शत्रूने उद्ध्वस्त केल्याचं नाटक केलं, सगळं प्रेक्षागृह रडलं आणि मग नगराने त्याला एक हजार द्राख्मा दंड ठोकला, ते नाटक पुन्हा करायचं नाही असं फर्मावलं. हा दंडही एका अर्थाने मानच आहे. तुमच्या शब्दाने आम्हाला लागतं, असं सगळं शहर कबूल करतंय. राम जोशीला मात्र दंडसुद्धा झाला नाही. फक्त दार बंद झालं.

दार बंद झालेला मुलगा गेला कुठे? पंढरपूरला. आणि तिथे तमाशाचा फड धरला नाही, तर बाबा पाध्यांकडे बसून संस्कृत काव्य आणि व्याकरण शिकला. मला ही या चरित्रातली सगळ्यात भारी गोष्ट वाटते. घरातून काढल्यावर माणूस दोनपैकी एक करतो, एक तर घरच्यांच्या म्हणण्यासारखा होतो, नाहीतर बरोबर उलटा होतो. याने घरच्यांची विद्या त्यांच्याहून जास्त शिकून घेतली आणि ती नेऊन लावणीत ओतली.

म्हणजे कसं? तर लावणी तोवर ठेक्यावर चालणारी, बोलीतली, ऐकताक्षणी समजणारी रचना. राम जोशीने तिच्यात संस्कृत काव्यातले अलंकार आणले, एका आत एक अडकवलेले यमक आणले, अक्षरं अशी खेळवली की म्हणणाऱ्याची जीभ परीक्षेला बसावी. शृंगाराच्या लावण्यांत नायिकेचं वर्णन असं करायचा की शास्त्री मंडळींना अलंकारशास्त्र आठवावं आणि मागच्या रांगेतल्याने फेटा उडवावा. त्याच्या काही रचनांत मराठीबरोबर कानडी, हिंदुस्थानी आणि संस्कृतही येते. सोलापूरच्या बाजारात एक चक्कर मारून या, मग त्यात नवल वाटणार नाही. या गावात अजूनही एका वाक्यात तीन भाषा होतात. संस्कृतातही त्याने ‘मदालसाचंपू’ लिहिलं.

आणि तो फक्त शृंगारात अडकला नाही. भगवे कपडे घालून, जटा वाढवून, आत भक्तीचा पत्ता नसलेल्या ढोंग्यांना त्याने लावणीतूनच सोलून काढलंय. माणसाचा जन्म मिळालाय तर तो वाया घालवू नकोस, असं सांगणारी त्याची रचना तर कीर्तनातही बसते आणि फडातही. म्हणजे मुद्गलदादा जे देवळात सांगत होते, तेच धाकटा डफावर सांगत होता. फक्त ऐकणारी माणसं जास्त होती!

त्याने स्वतःचा फड काढला. त्याच्याबरोबर नाचणारी, गाणारी म्हणून बया हे नाव येतं. इथे मला थांबावंसं वाटतं. राम जोशीवर लेख आहेत, पुस्तकं आहेत, सिनेमा आहे. बया त्या सगळ्यात आहे, पण त्याच्या गोष्टीतलं पात्र म्हणून. त्याच्या लावण्या ज्या गळ्यातून आणि पायांतून लोकांपर्यंत गेल्या, तिच्या आयुष्याला कुणी पानं दिली नाहीत. अथेन्सचं कौतुक करताना हेही लक्षात ठेवा, की तिथे रंगमंचावर बाई नव्हतीच. राणीपासून दासीपर्यंत सगळ्या भूमिका मुखवटे लावून पुरुष करायचे. आपल्याकडे बाई नाचली आणि तिला नाव ठेवलं गेलं. तिकडे तिला उभंच राहू दिलं नाही. यातलं बरं काय, मला ठरवता येत नाही.

पुढचा प्रसंग बारामतीचा. म्हणजे बघा, एका बाजूला पंढरपूर, दुसऱ्या बाजूला बारामती आणि मधे आपलं अकलूज. बारामतीत तेव्हा मोरोपंत राहायचे, आर्यांचे बादशहा, महाभारत-रामायण मराठीत पुन्हा पुन्हा रचणारे पंडित कवी. वयाने राम जोशीपेक्षा कितीतरी मोठे. परंपरा अशी सांगते की मोरोपंतांनी या तमासगिराची रचना ऐकली आणि नाक मुरडलं नाही. त्यांना त्यात खरा कवी दिसला आणि त्याला कविप्रवर म्हणून मान दिला. पण सोबत सांगितलं की ही वाणी कीर्तनाकडे वळव.

आणि राम जोशी वळला. मोरोपंतांच्या आर्या कठीण, संस्कृतप्रचुर, विद्वानांच्या पोथीत राहतील अशा. त्या कीर्तनात गाऊन त्याने सर्वसामान्यांच्या कानावर घातल्या. मोरोपंत १७९४ मध्ये गेले, पण त्यांच्या आर्या महाराष्ट्रभर पसरल्या त्यात या फडावरच्या गळ्याचा मोठा वाटा आहे. ज्या विद्येने त्याला बाहेर काढलं होतं, तिला लोकांत पोचवायला शेवटी तमाशात तयार झालेला माणूसच लागला.

ही गोष्ट नेहमी सुखान्तासारखी सांगतात. बिघडलेला मुलगा, थोर गुरू, सुधारला. मला ती तशी पचत नाही. संगमनेरच्या अनंत फंदीचीही अशीच गोष्ट सांगतात, त्याला अहिल्याबाई होळकरांनी लावणीकडून कीर्तनाकडे वळवलं म्हणे. दोन वेगवेगळे शाहीर, दोघांची गोष्ट एकाच वळणावर कशी येते? मला वाटतं, लोकांना लावणी आवडायची, पण ती आवडते हे कबूल करायला तिच्या कवीचं शेवटी कीर्तनकार होणं गरजेचं होतं. सोफोक्लीसला कुणी नाटक सोडून पुजारी हो असं सांगितलं नसतं, कारण त्याचं नाटक देवाच्या उत्सवातच होत होतं. आपल्याकडे गणपतीच्या गणाने सुरू होणारा खेळ देवळाबाहेरच राहिला.

बरं, राम जोशीची लावणी सुटली असं समजू नका. पेशवाईच्या शेवटच्या काळात, दुसऱ्या बाजीरावाच्या पुण्यात, शाहिरांची गर्दी होती. होनाजी गवळी समाजातला, परशराम शिंपी, सगनभाऊ मुसलमान शिकलगार, प्रभाकर ब्राह्मण. एका कलेत इतक्या जाती-धर्मांची माणसं त्या काळात दुसरीकडे कुठे एका ओळीत बसली असतील, मला शंका आहे. राम जोशीही या पुण्यात वावरला. पैसा आला आणि आला तसा गेला. हात सैल, संसाराकडे लक्ष कमी, अखेरीला कर्ज. १८१२-१३च्या सुमारास पुण्यातच तो वारला. पाच-सहा वर्षांत पेशवाईही संपली आणि दरबाराच्या जिवावर जगणारे सगळे शाहीर उघड्यावर पडले. ते बघायला तो नव्हता.

यानंतर तो परत आला तो थेट पडद्यावर. १९४७ साली राजकमलचा ‘लोकशाहीर राम जोशी’ आला. बाबूराव पेंटरांचं दिग्दर्शन, गदिमांची लेखणी, वसंत देसाईंचं संगीत, जयराम शिलेदार राम जोशी आणि हंसा वाडकर बया. सिनेमा तुफान चालला आणि मराठीत तमाशापटांची रांगच लागली. सुंदरीच्या वर्णनाची त्याची सगळ्यात गाजलेली लावणी तुम्ही ऐकलीच असेल, गॅदरिंगला तिच्यावर कुणीतरी नाचतंच. शंभरातल्या नव्वदांना वाटतं ते सिनेमाचं गाणं आहे. नाही हो, ते सोलापूरच्या जोशीबुवांच्या धाकट्याचं आहे, दोनशे वर्षांपूर्वीचं.

मी हा लेख लिहितेय हे घरी सांगितलं तेव्हा आजीने विचारलं, तमाशावर का लिहितेस, दुसरा विषय नव्हता का? तिच्या लहानपणी फड गावात आला की मुलींना घरात बसवायचे. आजोबा मात्र बघायला जायचे, ते तिला चालायचं. मग मी तिला राम जोशीची ढोंग्यांवरची रचना वाचून दाखवली. ऐकून म्हणाली की हे तर कीर्तनात ऐकलंय लहानपणी. कुणाचं आहे हे तिला माहीत नव्हतं.

यंदा स्पर्धा झाली की मी तिला घेऊन जाणार आहे. पुढच्या रांगेत बसायचं, अशी तिची एकच अट आहे, कारण लांबून दिसत नाही.