वेंडेल स्कॉट : जिंकूनही ट्रॉफी न मिळालेला ड्रायव्हर (मराठी निबंध)



मुलांना आपण नेहमी पहिल्या नंबरच्या खेळाडूंच्या गोष्टी सांगतो. आज एका वेगळ्या माणसाची ओळख करून घेऊ.

वेंडेल स्कॉट यांचा जन्म 29 ऑगस्ट 1921 रोजी अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यातील डॅनव्हिल या गावी झाला. ते कृष्णवर्णीय होते. दुसऱ्या महायुद्धात ते सैन्यात मेकॅनिक होते. नंतर टॅक्सी चालवली, चोरटी दारूही पोचवली. पोलिसांना चुकवता चुकवता गाडीवर त्यांचा हात चांगलाच बसला.

1952 मध्ये ते स्टॉक कार शर्यतीत उतरले. साध्या रोजच्या गाडीत बदल करून ती शर्यतीत पळवायची, असा हा खेळ. 1961 पासून ते नॅसकार संस्थेच्या सर्वात मोठ्या मालिकेत धावू लागले. इतरांकडे कंपन्यांचा पैसा आणि मेकॅनिकांची फौज असायची. स्कॉट मात्र जुनी गाडी घ्यायचे आणि स्वतःच दुरुस्त करायचे. मदतीला घरचीच मुलं. काही मैदानांवर तर रंगामुळे त्यांना प्रवेशच नव्हता. तरीही ते 495 शर्यती धावले आणि 147 वेळा पहिल्या दहांत आले. जिंकले फक्त एकदा.

तो दिवस 1 डिसेंबर 1963, ठिकाण फ्लोरिडातील जॅक्सनव्हिल. स्कॉट दोन फेऱ्या पुढे होते, पण विजेते म्हणून बक बेकर या गोऱ्या ड्रायव्हरचं नाव जाहीर झालं. काही तासांनी फेऱ्या मोजण्यात चूक झाल्याचं मान्य केलं गेलं. तोवर प्रेक्षक घरी गेले होते, ट्रॉफीही गेली होती. सर्वांसमोर कृष्णवर्णीय विजेता उभा राहू नये म्हणून हे घडलं, असं स्कॉट यांना वाटायचं.

1973 मध्ये टॅलाडेगा इथल्या मोठ्या अपघातात ते जबर जखमी झाले आणि त्यांची कारकीर्द जवळपास संपली. 23 डिसेंबर 1990 रोजी त्यांचं निधन झालं. 2015 मध्ये त्यांना नॅसकारच्या हॉल ऑफ फेममध्ये स्थान मिळालं. त्या विजयाची ट्रॉफी नॅसकारने कुटुंबाच्या हाती दिली ती थेट 2021 मध्ये!

आपल्याकडे पाळवणकर बाळू यांच्यासारख्या थोर गोलंदाजालाही जातीमुळे कर्णधारपद नाकारलं गेलं. म्हणजे ही गोष्ट काही परकी नाही.

आमच्या सोनपेठ भागातली काही लेकरं ऊसतोडीला आई-वडिलांसोबत जातात आणि परत येऊन राहिलेला अभ्यास भरून काढतात. गुणपत्रिकेत ती मागेच दिसतात. पण ती किती फेऱ्या धावली, हे मोजायचं काम आपलं आहे. ते आजच करूया. शाबासकी उशिरा मिळाली, तर ती घ्यायला तो माणूसच उरत नाही.