नेथन हँडवर्कर

नेथन हँडवर्कर (१४ जून १८९२ – २४ मार्च १९७४) हे अमेरिकेतील उपाहारगृह व्यावसायिक आणि न्यू यॉर्क शहरातील कोनी आयलंड येथील नेथन्स फेमस या हॉट डॉगच्या दुकानाचे संस्थापक होते. त्यांनी सुरू केलेला हा व्यवसाय १९८७ पर्यंत हँडवर्कर कुटुंबाच्या हाती होता.

प्रारंभिक जीवन
हँडवर्कर यांचा जन्म तत्कालीन ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्याच्या गॅलिशिया प्रांतात एका गरीब ज्यू कुटुंबात झाला. वडील मोची होते आणि घरात तेरा भावंडे होती. शालेय शिक्षणाची संधी न मिळाल्याने नेथन यांना लहानपणापासूनच काम करावे लागले. १९१२ मध्ये ते अमेरिकेत स्थलांतरित झाले. कोनी आयलंड या समुद्रकाठच्या सहलीच्या ठिकाणी जर्मन स्थलांतरित चार्ल्स फेल्टमन यांनी स्थापन केलेले मोठे उपाहारगृह होते. तेथे पाव कापण्याचे काम हँडवर्कर यांनी काही काळ केले.

दुकानाची स्थापना
१९१६ मध्ये सुमारे ३०० डॉलरच्या बचतीतून हँडवर्कर यांनी सर्फ आणि स्टिलवेल या रस्त्यांच्या परिसरात स्वतःचे छोटे दुकान थाटले. हॉट डॉग म्हणजे लांबट पावात घालून दिलेले गरम सॉसेज. फेल्टमन यांच्याकडे त्याला दहा सेंट पडत. हँडवर्कर यांनी किंमत पाच सेंट ठेवली. १९१८ मध्ये त्यांचा आयडा यांच्याशी विवाह झाला. आयडा स्वतः दुकानात राबत असत आणि सॉसेजच्या मसाल्याची कृती त्यांच्या आजीकडून आली, असे मानले जाते.

इतक्या स्वस्त मांसाविषयी ग्राहकांना शंका येई. ती दूर करण्यासाठी हँडवर्कर यांनी डॉक्टरांसारखे पांढरे कोट घातलेली माणसे दुकानासमोर उभी केली, अशी आख्यायिका आहे. १९२० च्या सुमारास भुयारी रेल्वे कोनी आयलंडपर्यंत पोहोचली. रेल्वेचे भाडेही पाच सेंटच असल्याने श्रमिक कुटुंबांना समुद्रकिनाऱ्यावरची सहल परवडू लागली आणि स्थानकातून बाहेर पडणारी गर्दी थेट दुकानाशी येऊ लागली. फेल्टमन यांचे उपाहारगृह १९५४ मध्ये बंद पडले. हँडवर्कर यांचे दुकान मात्र टिकून राहिले.

दुसरी पिढी
मरे आणि सोल हे दोन्ही पुत्र व्यवसायात आले. मोजके पदार्थ, कमी किंमत आणि स्वतःच्या नजरेखालील एकच दुकान ही नेथन यांची पद्धत होती. दुसऱ्या महायुद्धातून परतलेल्या मरे यांना पदार्थांची संख्या आणि शाखा वाढवायच्या होत्या. १९५९ मध्ये लाँग आयलंडवरील ओशनसाइड येथे आणि १९६५ मध्ये याँकर्स येथे शाखा निघाल्या. सोल यांनी १९६० च्या दशकात वेगळे होऊन मॅनहॅटनमध्ये स्वतःचे उपाहारगृह काढले. १९६८ मध्ये कंपनीचे समभाग सार्वजनिक विक्रीस आले. विस्तारामुळे नाव दूरवर पोहोचले, परंतु ज्या देखरेखीवर दुकान उभे राहिले होते ती अनेक शाखांवर ठेवणे शक्य नव्हते.

निधन आणि वारसा
हँडवर्कर यांचे १९७४ मध्ये फ्लोरिडात निधन झाले. १९८७ मध्ये कुटुंबाने कंपनी खाजगी गुंतवणूकदारांना विकली.

दुकानासमोर दरवर्षी ४ जुलैला हॉट डॉग खाण्याची स्पर्धा भरते. ती १९१६ पासून चालू असल्याचे दीर्घकाळ सांगितले जात होते. प्रत्यक्षात ती कथा १९७० च्या दशकात प्रसिद्धीसाठी रचल्याचे कंपनीच्या तत्कालीन प्रसिद्धी सल्लागाराने २०१० मध्ये मान्य केले. २०१२ च्या सँडी चक्रीवादळात मूळ दुकानाची मोठी हानी झाली. दुरुस्तीनंतर ते २०१३ मध्ये पुन्हा सुरू झाले. नातू लॉइड हँडवर्कर यांनी आजोबांच्या जीवनावर फेमस नेथन हा माहितीपट तयार केला आहे.