मीराबेन

मीराबेन (मूळ नाव: मॅडेलिन स्लेड, २२ नोव्हेंबर, इ.स. १८९२ – २० जुलै, इ.स. १९८२) या महात्मा गांधींच्या इंग्लंडमध्ये जन्मलेल्या शिष्या आणि भारतीय स्वातंत्र्यलढ्यातील कार्यकर्त्या होत्या. सेवाग्राम (जि. वर्धा) येथील आदी निवास व बापू कुटी या वास्तू त्यांच्या देखरेखीखाली उभ्या राहिल्या.

पूर्वायुष्य

त्यांचे वडील एडमंड स्लेड हे ब्रिटिश नौदलात उच्चाधिकारी होते. बेथोवनच्या संगीताच्या ओढीने मीराबेन फ्रेंच लेखक रोमाँ रोलाँ यांना भेटल्या. त्यांच्याकडून त्यांना गांधींविषयी कळले. नोव्हेंबर १९२५ मध्ये त्या साबरमती आश्रमात दाखल झाल्या.

सेगावातील बांधकाम

१९३६ मध्ये गांधी वर्ध्याजवळच्या सेगाव या खेड्यात राहावयास आले. मीराबेन तेथे आधीपासूनच ग्रामसेवा करीत होत्या. घरासाठी गांधींच्या अटी कडक होत्या: खर्च शंभर रुपयांपेक्षा अधिक नसावा, साहित्य स्थानिक असावे आणि काम गावच्या कारागिरांनी करावे. गावकऱ्याला परवडणार नाही असे घर आश्रमासाठीही बांधावयाचे नव्हते. मात्र येथील उन्हाळ्यात तापमान ४५ अंश सेल्सियसच्या वर जाते व त्यामागून मुसळधार पाऊस येतो. म्हणून माती, बांबू आणि कवेलू हेच साहित्य वापरण्यात आले. मातीच्या जाड भिंती सावकाश तापतात. पुढे आलेले छप्पर भिंतींना ऊन व पाऊस या दोहोंपासून वाचवते.

आदी निवासात प्रारंभी गांधी, कस्तुरबा, सहकारी व पाहुणे एकत्र राहत. मीराबेन यांनी स्वतःसाठी बांधलेल्या झोपडीत पुढे गांधी राहू लागले. तीच बापू कुटी होय. तिच्या भिंतींवर त्यांनी मातीत ताडाची झाडे व चरखा उठावात कोरला आहे. शेगावशी नामसाधर्म्यामुळे टपालात घोटाळा होत असल्याने १९४० मध्ये गावाचे नाव सेवाग्राम करण्यात आले.

उत्तरायुष्य

१९४२ च्या आंदोलनात त्यांना गांधींसह पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये स्थानबद्ध करण्यात आले. पुढे त्यांनी ऋषिकेशजवळ पशुलोक व गढवालमधील भिलंगणा खोऱ्यात गोपाळ आश्रम स्थापन केला. बांजाची जंगले जाऊन चीड वाढल्याने डोंगरउतार उघडे पडत असल्याकडे त्यांनी लक्ष वेधले. १९५९ मध्ये त्यांनी भारत सोडला व त्या ऑस्ट्रियात स्थायिक झाल्या. भारत सरकारने त्यांना पद्मविभूषण पुरस्कार दिला. ऑस्ट्रियातच त्यांचे निधन झाले.

सेवाग्राम आश्रमातील या दोन्ही वास्तू आज जतन केलेल्या असून अभ्यागतांसाठी खुल्या आहेत.